शेवाळासह फ्लॅट विकणे आहे

आमचा तुळिंजचा फ्लॅट विकला जात नाही, त्याला कारण मराठी साहित्य आहे. त्यातही माझं.

मी निसर्गलेखक आहे. जंगलात मात्र कधी गेलो नाही. (कंबर!) म्हणून निसर्ग जसा घरी आला तसा रोज वहीत टिपत गेलो, आणि आमच्याकडे तो अगदी मोकळेपणाने यायचा. बेडरूमच्या भिंतीवरचं शेवाळ, ड्रेनेजच्या पाइपातून फुटलेला पिंपळ, बाथरूमच्या जाळीतून वर येणारा बेडूक, सगळं मी प्रेमाने लिहून ठेवलं. एका भल्या प्रकाशकाने त्या वह्यांचं पुस्तक काढलं. माझी बायको मंदा मुखपृष्ठ बघून "छान आहे" म्हणाली आणि त्यावर आमटीचं पातेलं ठेवलं. हे पुस्तक कोणी वाचणार नाही, यावर आमचं लग्नानंतर प्रथमच एकमत झालं होतं.

मंदाला या घराचा वीट आला होता. दर पावसाळ्यात इमारतीत पाणी शिरणार, तळमजल्याची माणसं गाद्या-सिलिंडर घेऊन पहिल्या मजल्यावर आमच्याकडे येणार, आणि आमची भिंत तर बारमाही ओली. वसईला तिच्या भावाच्या इमारतीत एक कोरडा ठणठणीत फ्लॅट होता. भावाने बिल्डरच्या हातापाया पडून तो दिवाळीपर्यंत अडवून धरला होता. तेवढ्यात आमचा खपायला हवा होता. मंदा त्या दिवसांत बसायचीच नाही. जेवतानाही ताट हातात घेऊन दारात उभी, गिऱ्हाईक येतंय का बघत.

शेवटी पप्पू एजंटने चंदनसारचे म्हात्रे नवराबायको आणायचं ठरवलं. मंदाने भिंत खरवडून रंग मारून घेतला, पिंपळ छाटला, बेडूक बादलीतून नाल्यावर पोचवला आणि माझ्याकडे वळली.

"तुम्ही तोंड उघडायचं नाही. पक्ष्यांबद्दलसुद्धा नाही."

म्हात्रेबाईंना ओटा आवडला. गॅलरी आवडली. मंदाचा जीव जरा भांड्यात पडला, आणि तेवढ्यात म्हात्र्यांनी पिशवीतून माझं पुस्तक काढलं.

"पप्पूने नाव सांगितलं तेव्हाच पिशवीत टाकलं, सर. सही पाहिजे. पारायणं केलीत मी!"

आयुष्यात पहिल्यांदा मला वाचक भेटला होता, आणि मला त्याला गॅलरीतून खाली ढकलावंसं वाटत होतं.

म्हात्र्यांनी खुणेचं पान उघडलं. "ते मखमली शेवाळ कुठल्या भिंतीवर? बोट लावलं की गार पाणी ओघळतं ते?"

"कुठलं पाणी?" म्हात्रेबाईंनी विचारलं.

"अहो, ते आपलं असंच," मंदा घाईघाईने म्हणाली. "लेखक लोक मनाचं लिहितात."

इथे मी गप्प बसायला हवं होतं. पण माणसाला काही तत्त्वं असतात, आणि ती नको तेव्हाच आठवतात.

"एकही नोंद मनाची नाही," मी म्हणालो.

मग काय, म्हात्रे पेटलेच. "म्हणजे स्कूटरवर बसलेला बगळा खरा?"

"हो. पार्किंगमध्ये पाणी सीटला लागलं होतं ना, तेव्हा."

"आणि जिन्यातली चिवणी?"

"टोपलीभर मिळाले ते मासे. तळमजल्यावाल्यांनी कालवण केलं. आमच्या घरात, अर्थात. त्यांचा ओटा पाण्याखाली होता."

"मॅडम, वो सब पुराना हो गया," पप्पू मध्ये पडला. "आता बिल्डिंग एकदम सुकी आहे."

म्हात्र्यांनी भक्तिभावाने नव्या रंगावर नखाने टोकरलं. तळहाताएवढा पापुद्रा पडला आणि आत हिरवंगार शेवाळ! "अगं बघ, जिवंत आहे!" ते बायकोला म्हणाले. पण त्या चपला घालून जिन्यात पोचल्या होत्या.

दार लागलं. मंदा खाडीकाठच्या शेतकरी घरातली. संतापली की माहेरची बोली येते.

"इतकी वर्सं त्या पान्यात मी उभी," ती म्हणाली, "आनि तुम्ही बगळे बघत होतात."

मला खरंच वाईट वाटलं. वाईट वाटून उपयोग नव्हता, कारण म्हात्रेबाईंनी 'तुळिंजला घर घेण्याआधी हे वाचा' म्हणून पुस्तकाचा फोटो ओळखीच्या सगळ्यांना पाठवला. त्यानंतरची गिऱ्हाइकं खालूनच परत जाऊ लागली. एकाने तर जिन्यात किती पाणी चढतं ते फोनवरच विचारलं. पप्पू मला टाळू लागला. दिवाळी गेली. भावाने पुन्हा बिल्डरचे पाय धरून होळीपर्यंत मुदत मिळवली.

आणि अचानक प्रकाशकांचा फोन आला. वसई-विरारच्या दुकानांतून मागणीवर मागणी येऊन पहिली आवृत्ती संपली होती. त्यांनी दुसरी छापायलाही टाकली होती!

मी पेढे घेऊन धावतच घरी आलो. बातमी ऐकली आणि कित्येक महिन्यांत प्रथमच मंदा मटकन खाली बसली.

"दुसरी छापतायत?" तिने क्षीण आवाजात विचारलं.

मग उठून तिने दिवाणाची फळी वर केली. आत गाद्या नव्हत्या. काठोकाठ माझी पुस्तकं होती.

"मी नि दादा दुकानं पालथी घालत होतो," ती म्हणाली. "म्हटलं, सगळी उचलली की कोनाच्या हाताला लागनार नाही."

मराठीत आवृत्ती संपवणारे लेखक थोडे, आणि आता त्यांत मी आहे. आम्ही सध्या दुसऱ्या आवृत्तीसाठी कपाट रिकामं करतोय.