बकुळावहिनींनी घेतलेलं नाव

काळाचौकीच्या आमच्या चाळीत बकुळावहिनींनी वीस वर्षांच्या संसारात नवऱ्याचं नाव एकदाही सरळ उच्चारलं नव्हतं. नवरा गुणाजी, म्हणून 'गुण' हा शब्दच त्यांनी टाकलेला. डॉक्टरच्या औषधानं त्यांना गुण यायचा नाही, 'फरक' पडायचा. पोरांना शाळेत गुण मिळायचे नाहीत, 'मार्क' मिळायचे. मला तेव्हा याचं हसू यायचं.

गुणाजी परळच्या एका कॉलेजात माळी आणि मी तिथंच प्रयोगशाळेत मदतनीस. एका मे महिन्यात वहिनी माहेरी गेल्या, वेंगुर्ल्याच्या आतल्या गावाला. येताना देवराईतल्या एका झुडपाचं रोप डालड्याच्या डब्यात लावून घेऊन आल्या. बोटीत अख्खा वेळ डबा मांडीवर. कारण विचारलं तर म्हणाल्या, "फुलां बघून माका बरां वाटला."

तिसऱ्या वर्षी गॅलरीत त्याला पांढरी, आतून जांभळी फुलं आली. गुणाजीनं एक फांदी वनस्पतिशास्त्राच्या टिपणीस सरांना नेऊन दाखवली आणि सर खुर्चीतून उठलेच. दोन वर्षं त्यांनी पानं वाळवली, परदेशी पत्रं धाडली. रानातल्या सावलीत वाढणाऱ्या या झुडपांचं घराणं अगदी लहान. जगात त्याच्या तीनच जाती ठाऊक होत्या, ही चौथी निघाली.

"कुणाला सापडलं हे?" सरांनी विचारलं.

"माका!" गुणाजी छाती काढून म्हणाला.

झालं. नव्या झाडाला स्वतःचं नाव द्यायचं नाही असा शास्त्रज्ञांचा रिवाज. सरांनी सापडवणाऱ्याचं दिलं आणि लॅटिन शेपूट लावून गुणाजी छापून आला.

चाळीत पेढे वाटले गेले. दोन दिवसांनी वहिनी मला म्हणाल्या, "भावोजी, माका नाव नको. पण सरांका खरां कळाक होयां." मी गुणाजीला टोकलं. "आता छापून इला मरे," म्हणत त्यानं नुसती टोपी सारखी केली. भित्रा लेकाचा! संयुक्त महाराष्ट्राच्या सभेला शिवाजी पार्कवर जाऊन मुंबईसाठी प्राण द्यायला हाच हात वर करायचा.

पुढं कॉलेजच्या आवारात ते झाड लावायचं ठरलं. पाटी अर्थातच मराठीत, त्या दिवसांत इंग्रजी पाटी लावायची कुणाची छाती नव्हती. प्राचार्य आले, चाळीतल्या बायकाही नटूनथटून आल्या. टिपणीस सर भले गृहस्थ. म्हणाले, "या झाडाला पाणी घालून वाढवलं बकुळाबाईंनी. तर झाडाचं नाव त्याच जाहीर करतील."

वहिनींनी पदर डोक्यावर ओढला. नाव त्यांना पाठ होतं, पण उच्चारणार कसं? सर धीर देत होते, "लाजू नका. गुणा... म्हणा!" प्राचार्य घड्याळ बघायला लागले. तेवढ्यात मागून चाळीतली ललिता ओरडली, "अगो, नाव घे ना!"

वहिनींनी मान वर केली आणि खणखणीत आवाजात नाव घेतलं,

"माहेरच्या राईतलं रोप मी आणलं, मांडीवर घेऊन बोटीत,
गुणाजीराव तेव्हा झोपले होते काळाचौकीच्या खोलीत."

बायकांनी टाळ्या पिटल्या. सरांनी मात्र उखाणा पुरता ऐकला होता. ते गुणाजीकडे वळले. गुणाजीनं टोपी काढली. "खरां हा, सर. तिणाच हाडला."

सरांचा चेहरा पडला. मला त्यांची दया आली. म्हणाले, "बाई, वाळवलेल्या नमुन्याच्या कागदावर तुमचं नाव आजच घालतो. पण झाडाचं नाव एकदा छापलं की बदलता येत नाही. जगभरचा नियम आहे."

"ऱ्हवांदे ओ सर," वहिनी म्हणाल्या. "चार पोरां माजी. जल्म मी दिलंय, नाव ह्येंचांच लागलां. ह्या पाचवां."

टिपणीस सरांनी झारी उचलली आणि वहिनींच्या हातात दिली.