दिपिकाने रंगवलेलं खाजण

दिपिका लग्न होऊन विरारला आली ती विरारच्या पुढे कधी गेली नाही, पण चिलीचं वाळवंट तिला तोंडपाठ होतं. माणिकपूरच्या एका ऑफिसात ती उपग्रहाच्या फोटोंवर रेघा मारायची. जगात कुठे सोलर पॅनल बसलेत आणि आणखी कुठे बसवता येतील, याचा नकाशा तिथे तयार होई. सपाट, भरपूर ऊन, घर नाही, तीन वर्षांत पीक नाही, अशी जमीन दिसली की तिच्याभोवती रेघ मारायची आणि 'उजाड' म्हणून पिवळा रंग द्यायचा. तिचा हात इतका भरभर चाले की तिचा साहेब एल्रॉय नव्या पोरींसमोर तिचंच उदाहरण द्यायचा. मग दिपिकाबाईही जरा हवेतच असायच्या.

गेल्या वर्षी फिरत फिरत पडद्यावर जूचंद्र आलं, तिचं माहेर. खाडीकाठच्या खाजणातलं, बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेलं बापाचं शेत तिने लगेच ओळखलं. बांध फुटून खारं पाणी शिरल्यापासून ते पडीकच होतं. फोटोत पांढरंफटक दिसत होतं. तिला वाईट वाटलं. पण नियम तो नियम, आणि जगाच्या नकाशात आपल्या तुकड्याला कोण विचारतंय? तिने रंग दिला आणि राजस्थानकडे वळली. आईला एक फोन करून विचारावं, हे तिच्या मनातही आलं नाही.

तिची आई, जिजा, ते शेत सोडायला तयार नव्हती. बांध पुन्हा घालायचा, जमीन पावसाने धुऊ द्यायची आणि दर पावसाळ्यात शेतात साचलेलं पाणी जिभेवर घेऊन खारेपणा गेला का ते बघायचं, ही त्या घरची रीत. नवरा गेल्यावर चाखायचं काम जिजाकडे आलं. यंदा तिने फोन केला. "बाय, पानी गोडं लागतंय गो. पुढल्या साली भात लावीन." किती वर्षांनी तिचा आवाज असा हसरा ऐकू आला होता.

दिवाळीनंतर सोलर कंपनीची माणसं थेट जूचंद्रला आली. जमिनीत वाटा असलेला चुलतभाऊ सुरज त्यांच्यासोबत होता. जमीन कंपनीला द्यायच्या कागदावर त्याची सही झाली होती, जिजाची राहिली होती. त्या दिवशी दिपिका माहेरीच होती. सुरजने ओटीवर रंगीत नकाशा पसरला. त्यात दिपिकानेच रंगवलेला तो पिवळा तुकडा होता.

"काकी, आभालातनं फोटो काढलाय. जमीन मेलेली हाय. इचार दिपिकाला, तिच्याच हापिसातलं काम."

जिजाने लेकीकडे पाहिलं. "पन मी चाखलं ना गो. तू शिकलेली. तूच सांग, नकाशा खोटा असतो का?"

खोटा आहे म्हटलं की पुढचा प्रश्न ठरलेला: मग रंगवला कोणी? परक्या माणसांसमोर तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिने मान खाली घातली.

"नसतो, आई."

जिजा रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं. तिने पेन हातात घेतलं आणि गिरवून गिरवून आपलं नाव लिहिलं.

माणसं गेल्यावर ती चुलीपाशी गेली. कालवण ढवळलं आणि सवयीने पळी तोंडाशी नेली, पण तशीच थांबली. मग ती पळी तिने दिपिकापुढे धरली.

"तूच बघ गो मीठ. माझ्या जिभेचा आता भरवसा नाय."