अब्रावरचा एकच टेक

नव्वदच्या दशकात मी दुबईच्या बर दुबई भागातल्या एका छोट्या फिल्म कंपनीत रिसेप्शनवर होते. तिथे एक जर्मन दिग्दर्शक आला. उंच, टकला, आणि मूल दिसलं की सरळ जमिनीवर फतकल मारून बसणारा. तरुणपणापासून त्याने फक्त मुलांचे सिनेमे केले होते. एके काळी ते तिकडच्या टीव्हीवर रविवारी सकाळी लागायचे. पुढे टीव्हीवाल्यांना कार्टून स्वस्त पडू लागली आणि याला काम मिळेना. आता आमच्याकडच्या एका शेठनी पैसे घालायची तयारी दाखवली होती, पण पहिल्या दिवसाचं शूटिंग पटलं तरच पुढे. "हे गेलं की मी घरी बसून टोमॅटो लावणार," असं तो हसत सांगायचा. मला त्याची फार काळजी वाटायची.

गोष्टीतली मुलगी अब्रात, म्हणजे आमच्याकडच्या लाकडी होडीत बसून, क्रीकच्या खाडीपलीकडे आईला शोधायला जाते. त्यासाठी त्याने माझीच लेक निवडली. झालं, मी हवेत! मराठी मंडळाच्या गणपतीत मुलांची नाटुकली मीच बसवायचे. "मॅडम, प्लीज, नो प्रॅक्टिस," असं त्याने बजावलं होतं. पण प्रॅक्टिसशिवाय स्टेजवर मूल सोडणारी आई आमच्या मंडळात जन्मायची होती. मी लेकीला घोटून तयार केलं, पावडर थापली, रिबिनी बांधल्या.

होडीत कॅमेरा सुरू झाला. लेकीने कपाळाला हात लावून दूर पाहिलं, मान डोलावत "व्हेअर इज माय मदर?" म्हटलं आणि शेवटी कॅमेऱ्याला वाकून नमस्कार केला. पुन्हा घेतलं, पुन्हा नमस्कार. दरवेळी मी काठावरून खुणा करतच होते.

"हबीबी, ये बच्ची तो भाषण दे रही है," शेठ वैतागले. "खलास करो."

दिग्दर्शक माझ्यावर अजिबात चिडला नाही, तेच जास्त लागलं. मला म्हणाला, "तुम्ही पलीकडे जा. गर्दीत कुठेही उभ्या राहा." मी गेले. मग त्याने लेकीचं तोंड धुतलं आणि एवढंच सांगितलं, "आई खरंच तिकडे आहे. शोध."

होडी जवळ आली तेव्हा लेक मला दिसली, मी तिला दिसले नव्हते. दिग्दर्शक, कॅमेरामन, शेठ, सगळे तिच्या शेजारीच होते, पण तिला कुणाचंच भान नव्हतं. ती एकेक चेहरा तपासत होती, ओठ थरथरत होते. मी हाक मारली नाही. मग तिची नजर माझ्यावर आली. शाळेत घातल्यापासून मला मम्मी म्हणणारी ती पोर भर क्रीकवर "आई!" म्हणून किंचाळली आणि हसत सुटली.

होडी लागताच ती धावत येऊन मला बिलगली. शेठ खूश. "क्या बात है! सेफ्टी के लिए और एक टेक लेते हैं."

दिग्दर्शकाने कॅमेऱ्यावर झाकण लावलं. "नाही. आता तिला माहीत आहे आई सापडते ते."

शेठनी मला बिलगलेल्या लेकीकडे एकदा पाहिलं. मग म्हणाले, "यल्ला, चलो, कल कितने बजे?"