श्यामरावांचं अर्धं कोडं

रायपूरच्या ब्राह्मणपाऱ्यात श्यामरावांना रेल्वेतले निवृत्त हेडक्लार्क म्हणून फारसं कोणी ओळखत नसे; ओळखत ते कोडंवाले काका म्हणून. नागपूरच्या पेपराची रविवारची पुरवणी इथं सोमवारी यायची. तिच्यातलं गूढ शब्दकोडं सुटल्याशिवाय श्यामराव आंघोळीला उठत नसत. कलावतीबाई लग्न होऊन घरात आल्या तेव्हा त्यांनाही त्यांनी सगळ्यात आधी हीच विद्या शिकवली होती.

"कोडं जी गोष्ट सांगते, तिच्यावर भरोसा नाही ठेवायचा. अर्थ कोणत्यातरी एका टोकाले बसला असते, बाकी सगळी शब्द बनवायची कृती. दोन्ही टोकं पाहिल्याबिगर पेन उचलायचा नाही."

त्या सोमवारी पाव तासातच ते म्हणाले, "झालं माझं!"

पोह्यांची बशी ठेवता ठेवता कलावतीबाईंनी कोड्यावर नजर टाकली. उजवीकडची सगळी घरं भरलेली. डावीकडची सगळी कोरी.

"अहो, अन् हे इकडचं?"

"कोणतं इकडचं? सगळं तर भरलं."

थट्टेचा स्वभावच होता त्यांचा. बाईंनी हसून अकरा नंबरवर बोट ठेवलं. "हे वाचा बरं."

"बागवानानं लपवलं," श्यामरावांनी वाचलं. "काय लपवलं? कोडं करणारा चळला वाटते."

छापलं होतं, 'रानातलं जनावर बागवानानं लपवलं', अक्षरं दोन. बागवानाच्या पोटातला गवा बाईंना केव्हाच दिसला होता. पण आयुष्यभर दोन्ही टोकं पाहा म्हणणाऱ्या माणसाला वाक्याचं पहिलं टोक दिसलंच नव्हतं.

"पोहे संपले, अजून दे," श्यामराव म्हणाले.

बशीत डावीकडे पोह्यांचा ढीग तसाच होता. जणू मधोमध सुरी फिरवली होती. बाईंनी बशी फिरवली.

"हे पहा, होते न!" म्हणत ते पुन्हा खाऊ लागले.

बाईंनी परागला फोन लावला. मुलगा नोकरीला नव्या रायपुरात, मंत्रालयात. तिथून यायचं म्हणजे तासभर.

"आई, बाबा मज़ाक कर रहे होंगे. उन्हें आराम करने दो, शाम को देखता हूँ."

"संध्याकाळपर्यंत नाही थांबत मी," एवढं बोलून त्यांनी फोन ठेवला आणि खिडकीतून शेजारच्या भैय्यालालना हाक मारली.

"हव भौजी, गाड़ी निकालत हंव!"

पण श्यामराव हलेनात. "मले काय झालं? धडधाकट आहो. काहून घाबरून राहिली तू?"

वाद घालण्यात वेळ जात होता. बाईंनी छातीवर हात ठेवला आणि खाटेवर बसल्या. "मलेच कसंतरी होऊन राहिलं हो. छातीत दुखते. चला न माझ्यासोबत."

आयुष्यात त्या त्यांच्याशी इतकं धडधडीत खोटं बोलल्या नव्हत्या. श्यामराव ताडकन उठले. उठताना डावा खांदा दाराच्या चौकटीवर आपटला, तेही त्यांना कळलं नाही. गाडीत वाटभर ते भैय्यालालना ओरडत होते, "भैया, जल्दी चलाओ, इसको बहुत तकलीफ है!" आणि त्यांचा गार पडलेला डावा हात मांडीवर घेऊन बाई देवाचं नाव घेत होत्या.

दवाखान्यातही त्यांचं तेच. "डॉक्टर, पहले इनको देखो." बाईंनी मागून खूण केली. डॉक्टरांनी श्यामरावांना दोन बोटं दाखवली, पाय उचलायला लावला, अन् स्ट्रेचर मागवला.

तपासण्या झाल्या. सलाईनमधून औषध सुरू झालं. "मेंदूच्या उजव्या बाजूला रक्ताची गुठळी अडकलीय," डॉक्टर कलावतीबाईंना सांगत होत्या. "त्यांच्यासाठी डावीकडचं जगच नाही सध्या. आपण आजारी आहोत, हेही त्यांना कळत नाही. सकाळी लक्षात आलं म्हणून हे औषध देता आलं. किती भरून येईल, ते आज नाही सांगता येणार."

कलावतीबाई खाटेच्या डाव्या अंगाला त्यांचा हात धरून उभ्या होत्या. श्यामराव उजवीकडे मान वळवून नर्सला विचारत होते, "सिस्टर, मेरी घरवाली किधर गई? छाती में दर्द था उसको. कोई देखा क्या?"

"अहो, मी इथंच आहे," बाई म्हणाल्या.

आवाजासरशी त्यांनी पाहिलं ते दाराकडे, उजवीकडेच. बाईंनी त्यांचा हात आणखी घट्ट धरला आणि पुन्हा हाक मारली.