दहावी ओळ कुणी दिली

मी लेखक नाही. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच, त्यामुळे लिहायला बसलो की कुणाची तरी परवानगी घ्यायची राहिली आहे असं वाटतं. माफ करा. पण हे दुसरं कुणी लिहिणार नाही, आणि चूक माझीच होती.

कॉलेजआधी दीड वर्ष मी दुबईबाहेर तेलाच्या एका कॅम्पात टायपिस्ट होतो. मामू तिथे सुतार, त्यांनीच मला बोलावलं. पंप दुरुस्त करणारा एकजण पार दक्षिण अमेरिकेतून आलेला. आपल्या मुलखात तो पायादोर होता, म्हणजे गिटार घेऊन जागच्या जागी कवन रचून गाणारा. मेंढ्यांची लोकर कातरायच्या हंगामात तो गावोगाव फिरायचा. दोघे गाणारे समोरासमोर बसत, ज्याला उत्तर सुचेना तो हरला.

"अरे, हा तर आपला शक्ती-तुराच!" मामू म्हणाले.

शुक्रवारी जेवणानंतर तो मेसच्या सावलीत बसायचा. कुणीही शेवटची ओळ द्यायची. नऊ ओळी तो त्याच्या भाषेत रचायचा आणि दहावीला बरोबर आमच्या ओळीवर यायचा.

एकदा मी भीत भीत ओळ दिली, "मीठे पानी पे ताला किसका?" गोड्या पाण्याची टाकी साहेबलोकांसाठी कुलपात असे, आम्ही मचूळ पाणी प्यायचो. तो गायला. सगळ्यांनी ताटं वाजवत ती ओळ उचलली. दारात मॅनेजर उभा होता. त्याला हिंदी येत होतं.

दुसऱ्या दिवशी मॅनेजरने त्या गाणाऱ्याला माझ्या टेबलापाशीच उभं केलं.

"ओळ कुणी दिली?"

"गाणं माझं."

"मग यापुढे गाणं आधी लिहून द्यायचं. मंजूर झालं तर गा. नाहीतर नोकरी खलास."

"साहेब, गाण्याआधी ते नसतंच. लिहू काय?"

तरी गाणाऱ्याने माझ्या टेबलावरचा कोरा कागद ओढला, तळाशी सही केली आणि तो तसाच साहेबापुढे सरकवला. "घ्या. शुक्रवारचं गाणं."

मी मान खाली घालून टाईप करत राहिलो. आता लिहितो: ओळ मी दिली होती.

त्या शुक्रवारीही तो गायला. पुढच्याच आठवड्यात मी कॉलेजसाठी निघालो. मी अबऱ्यात, खाडीतल्या होडीत, बसताना तो म्हणाला, "तिकडे सगळं आधी लिहितात ना? बिचारे! यल्ला, जा."

पाच महिन्यांनी मामूंचं पत्र आलं.

"गाणं लिहून देईना, शेवटी त्याला काढलं. निघताना साहेब म्हणाला, ओळ देणाऱ्याचं नाव सांग, ठेवून घेतो. नाही सांगितलं. गिटार खांद्यावर टाकून गेला. कुलूप अजून आहे. पण आता पाण्याच्या रांगेत रोज सगळेच तुझी ओळ म्हणतात. साहेब वही घेऊन उभा असतो. लिहिणार कुणाचं नाव?"