निळ्या पोर्टमधली पाकळी

ऑफिसात मला सगळे 'नेटवाले सर' म्हणायचे. नेमणूक लिपिकाची, पण कुणाचं नेट गेलं की हाक मलाच. ऑफिस परभणीतलंच. कुठलं ते सांगत नाही, कारण त्यात ऑफिसाचा काही दोष नाही. दोष माझा आहे, आणि तो कागदावर आणायला मला इतके दिवस लागले याचीच आधी लाज वाटते.

मी ही विद्या कुठं शिकायला गेलो नव्हतो. फुकटची सॉफ्टवेअर उतरवून घ्यायची आणि घरच्या वायफायवर चालवून बघायची, एवढाच माझा अभ्यास. एक होतं, ते नेटला हाक मारून बघणारं, म्हणजे दारात उभं राहून हाक मारावी आणि आतून 'ओ' यायला किती वेळ लागतो ते मोजावं, तसं. दुसरं, आपल्या वायफायवर आत्ता कोणकोणती यंत्रं जोडलेली आहेत, त्यांची नावानिशी यादी काढून देणारं. त्या यादीतून एकदा मी शेजाऱ्याचा टीव्ही पकडला. आमचंच नेट वापरून तो पिक्चर बघायलता! तेव्हापासून माझे पाय जमिनीला लागेनात. कुणाच्याही घरी गेलो की चहाच्या आधी नेटची चौकशी. बायको म्हणायची, "तुमाला कुणी इचारलंय का तरी?" मला कुणी विचारायची गरजच वाटायची नाही.

खंडेनवमीला आमच्या ऑफिसात पूजा असते. शेतकरी औजारं पुजतो, आम्ही कीबोर्ड पुजतो. सगळ्यांच्या वायरी काढायच्या, ओल्या फडक्यानं यंत्रं पुसायची, एका लांब टेबलावर मांडायची, हळदीकुंकू आणि झेंडूची फुलं. त्या वर्षी साहेब म्हणाले, "राउटर बी ठेवा की राव, खरं काम तर तोच करतो." म्हणून दोन्ही राउटर ठेवले. एक मोठा, मेन लाइनचा. दुसरा लहान, साहेबांच्या केबिनमध्ये वायफाय पोचावं म्हणून मी घरून आणून बसवलेला. आरती झाली, पेढे झाले. मला जिंतूरची गाडी गाठायची होती. पाच मिनिटांत मी सगळ्या वायरी जागच्या जागी खोचल्या आणि निघालो.

दसरा झाला आणि नेटला काय झालं कुणास ठाऊक. सगळ्यांचं जायचं नाही. आज आवक-जावकच्या टेबलावर बंद, उद्या तिथं चालू आणि शेजारी बंद. बाहेर ऑनलाइन अर्जाची माणसं रांगेत उभी. मी हाका मारायचं सॉफ्टवेअर चालवलं, केबल बदलली, कंपनीच्या माणसाला फोनवर झापलं. पंधरा दिवस मला काही सापडलं नाही.

आमच्याकडं एक ऑपरेटर बाई होती, कंत्राटावरची. रोज सकाळी रेल्वेनं गंगाखेडहून यायची. घरी सासू आणि चार वर्षांची मुलगी, आणि घर चालायचं ते हिच्या नोकरीवर. अकरा महिने झाले की साहेबांचा शेरा लागायचा, तेव्हा कुठं पुढचं कंत्राट. त्या हिवाळ्यात तिचा शेरा व्हायचा होता. एक दिवस ती माझ्या टेबलापाशी आली आणि हळूच म्हणाली, "सर, हे खंडेनवमीपासूनच व्हायलंय. त्याच्या आधी नव्हतं."

मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "मग काय, देवीचा कोप झाला म्हणता का?"

सगळे हसले. तीही थोडं हसली आणि जाऊन बसली. अहो, नेमकं दुखणं तिनं हातावर आणून ठेवलं होतं! पण दहावी-बारावीनंतर टायपिंग शिकलेली बाई मला नेट शिकवणार, हेच मला सोसलं नाही.

पुढच्या सोमवारी साहेबांनी मीटिंग लावली. सगळ्यांसमोर विचारलं, "नेटवाले सर, कारण काय ते सांगा आज." 'सापडत नाही साहेब' एवढे तीन शब्द मला बोलता आले असते. नाही आले. मी लॅपटॉप त्यांच्याकडं फिरवला आणि यादी दाखवली. यादीत तिच्या नावाचा मोबाईल होता. "ऑफिस टायमात असे मोबाईल जोडून व्हिडिओ चालत असतील, तर नेट कुठून पुरणार?" मी म्हणालो.

ती उभी राहिली. "सर, पासवर्ड तुमीच टाकून दिला होता. कागदाचे फोटो ग्रुपवर टाकायला."

खरं होतं. ती बोलली आणि मला सगळं आठवलं. तिचा मोबाईल माझ्या हातात, मी आकडे टाकतोय, ती बाजूला उभी. आणि त्या यादीत आणखी सात जणांचे मोबाईल होते, सगळ्यात वर माझाच. साहेबांना तेवढं तिचंच नाव दिसावं म्हणून मी यादी खाली ओढून ठेवली होती. तरीही मी म्हणालो, "पासवर्ड कामासाठी दिला होता, बाई." तिनं मोबाईल टेबलावर पालथा घातला आणि मीटिंग संपेपर्यंत त्याच्यावर हात ठेवून बसली.

शेरा वाईट लागला. कंत्राट पुढं गेलं नाही. शेवटच्या दिवशी तिनं ड्रॉवरची चावी आणि सगळ्या पासवर्डांचा एक कागद, अक्षर कसं मोत्यासारखं, माझ्या टेबलावर ठेवला. "सर, येते," म्हणाली. मी मान वर न करता "हं" म्हणालो.

तिसऱ्या दिवशी तिचं काम माझ्याकडं आलं म्हणून मी तिच्या जागेवर बसलो. नेट बंद. आता दोष द्यायला कुणी उरलं नव्हतं, म्हणून डोकं चालवलं. कॉम्प्युटर सुरू झाला की राउटर त्याला एक नंबर देतो, त्याच नंबरावर नेट चालतं. असे नंबर कोण कोण वाटतंय हे दाखवणारं आणखी एक फुकटचं सॉफ्टवेअर मिळालं. एकच नाव यायला पाहिजे होतं. आली दोन. दुसरं, साहेबांच्या केबिनमधल्या त्या लहान राउटरचं. ज्याला त्याचा नंबर लागायचा, त्याचं नेट त्या दिवशी बंद.

साहेब दौऱ्यावर होते. मी कपाटामागं हात घालून तो राउटर काढला. मेन लाइनकडून येणारी वायर निळ्या पोर्टमध्ये, म्हणजे निळ्या खोबणीत, असायला हवी होती. ती शेजारच्या पिवळ्यात होती, आणि तिथं खोचली की हा लहान राउटर अख्ख्या ऑफिसाला स्वतःचे बिनकामाचे नंबर वाटत सुटतो. निळ्या पोर्टमध्ये झेंडूची एक वाळकी पाकळी अडकलेली. मग आठवलं. पूजेनंतर वायर तिथं बसेना, मला गाडीची घाई, म्हणून मी शेजारी खोचली होती. मी टाचणीनं पाकळी काढली, वायर निळ्यात बसवली. नेट धो धो सुरू झालं. पाकळी मी शर्टाच्या खिशात टाकली, कुणी बघू नये म्हणून.

दोन दिवसांत ऑफिसभर झालं, "बघा, बाई गेली अन् नेट सुधारलं." साहेबांनी माझ्या पाठीवर थाप मारली. "तुमचं बरोबर होतं बरं का." खोटं तर मी आधीच बोललो होतो. आता दुरुस्ती करून त्याचा पुरावाही तयार केला.

पुढं वर्षभरानं एका लग्नासाठी गंगाखेडला गेलो. आधारकार्डाची झेरॉक्स पाहिजे होती, म्हणून स्टँडजवळच्या एका सेवा केंद्रात शिरलो. काउंटरमागं तीच. मी मागं फिरणार होतो. तिनं मात्र खुर्ची पुसून दिली, चहा सांगितला. मी मनाशी म्हणालो, आता सांगून टाकायचं. सांगूनच उठायचं.

"बाई, ते नेटचं..." मी सुरुवात केली.

"मला कळलं, सर," ती म्हणाली. "मी गेल्यावर नेट लय चांगलं चालायलंय म्हणे. मला आधी तुमचा राग आला होता, खोटं कशाला बोलू. पण मग वाटलं, तुमी एवढे जाणकार, उगं कशाला म्हणताल? माझ्याच मोबाईलमधी काहीतरी असंल. मी फॉरमॅट मारून घेतला. पोरीचे पहिल्यापासूनचे फोटो होते, ते गेले सगळे. जाऊ द्या. पण इथं बी कधीकधी नेट जातं, तवा धडकी भरती. हे मालक बी काढतील म्हणून." तिनं मोबाईल माझ्यापुढं सरकवला. "तुमच्या त्या सॉफ्टवेअरमधी एकदा बघता का?"

मी बघितलं. देवाशपथ, माझ्या पिशवीत कायम असायचा तो लॅपटॉप मी काढला, तिथलं वायफाय जोडलं आणि यादी उघडली. तिचं नाव आलं. मी दोन मिनिटं उगाच पडद्याकडं बघत राहिलो. खरं काय ते मी सांगितलं नाही. दुकानात दोन गिऱ्हाइकं होती, एवढंच त्याला कारण.

"आता काही दोष दिसत नाही," मी म्हणालो.

तिनं डोळे मिटून हात जोडले. "लय उपकार झाले, सर," म्हणाली, आणि मी तिचा चहा प्यालो.