पिलसोपकाकांच्या खेळांची यादी

निवृत्त पोस्टमन पिलसोपकाका कोरियातल्या गुन्सान शहरात आमच्या वरच्या मजल्यावर राहतात. ‘दिवसभर खेळत बसता, तो कॉम्प्युटर विकूनच टाकते,’ ही काकूंची रोजची धमकी. आपण फारसं खेळत नाही हे सिद्ध करायला काकांनी मला बोलावलं. मी कॉम्प्युटरवरचे सगळे खेळ, खेळलेल्या तासांसकट, एका यादीत आणले. काकांचा बदुकचा, म्हणजे काळ्या-पांढऱ्या सोंगट्यांचा खेळ चाळीस तास. त्याच्यावर एक शेतीचा खेळ होता: दोन हजार तीनशे तास, शेवटचा आज सकाळी.

काका पांढरेफटक पडले. “सकाळी तर मी टेकडीवर फिरायला जातो! घरात कोणी शिरलं होतं की काय?”

“चोर येऊन शेती करून गेला, काका?”

इतक्यात पर्सिमन फळाच्या फोडी घेऊन आलेल्या काकू पडद्याकडे बघून किंचाळल्या, “अहो, ते पुसू नका! किमचीचा कोबी काढायला आलाय माझा!”

विकण्याचा विषय पुन्हा निघाला नाही. काका मात्र अजून सावरलेले नाहीत.